पांढुर्ण्याचा पंप आणि जगाचा बाजार

देशातील पेट्रोल पंपांच्या संख्येने २०२५ सालच्या अखेरीस एक लाखाचा आकडा ओलांडला. दहा वर्षांपूर्वी ही संख्या पन्नास हजारांच्या आसपास होती. आता अमेरिका आणि चीन हे दोनच देश या बाबतीत आपल्या पुढे उरले आहेत. इंधन मोजून देणारी यंत्रे बनविणाऱ्या परदेशी कारखानदारांचे डोळे भारताकडे का लागले आहेत, हे सांगण्यास मग वेगळ्या ज्योतिषाची गरज उरत नाही. युरोपात नव्या पंपांना जागा राहिलेली नाही. येथे त्या दर वर्षी हजारोंनी निघत आहेत. या वाढीचे कौतुक करण्यास आमची हरकत नाही. मात्र पंपांची संख्या वाढणे निराळे आणि पंप चालणे निराळे. हा फरक जेथे उघड्या डोळ्यांनी दिसतो ते ठिकाण आमच्या किनाऱ्यापासून पुष्कळ दूर आहे. मध्य प्रदेशातील पांढुर्णा आणि सौसर या दोन मराठी तालुक्यांकडे आज वाचकांचे लक्ष वेधण्याचा आमचा हेतू आहे. तेथील दुखणे आम्हां गोवेकरांस अनोळखी नाही, हे पुढे दिसून येईलच.

प्रथम या यंत्राविषयी. १८८५ साली अमेरिकेतील फोर्ट वेन या गावी सिल्व्हेनस बाउझर नावाच्या गृहस्थाने रॉकेल मोजून देणारा हातपंप बनविला, ही या धंद्याची सुरुवात मानली जाते. मोटारी अजून रस्त्यावर यावयाच्या होत्या. विमानतळांवर इंधनाची टाकी घेऊन फिरणाऱ्या गाडीला आपल्याकडेही बाउझर म्हणतात, ते त्याच्याच नावावरून. पुढे वेन, टोकहाइम, गिल्बर्ट आणि बार्कर यांची गिल्बार्को, जपानची तात्सुनो अशी घराणी उभी राहिली. ती आज बव्हंशी मोठ्या समूहांत विलीन झाली आहेत. डोव्हर या अमेरिकी समूहाने २०१६ या एकाच वर्षात टोकहाइम आणि वेन या दोन्ही कंपन्या आपल्या पदरात पाडून घेतल्या. आपल्याकडे लार्सन अँड टुब्रोने बनविलेली यंत्रे अनेक पंपांवर उभी असत. त्या कंपनीने आपला हा विभाग २०१० साली गिल्बार्कोला विकून टाकला. म्हणजे देशात पंप दुप्पट होण्याच्या आधीच या यंत्राचा व्यवसाय एका मोठ्या भारतीय कंपनीने परक्यांच्या हवाली केला. याचा खेद आमच्या औद्योगिक धोरणकर्त्यांस झाल्याचे ऐकिवात नाही.

तिकडे पाश्चात्त्य देशांत वारे उलटे वाहू लागले आहे. नॉर्वेत २०२४ साली विकल्या गेलेल्या नव्या मोटारींपैकी दहांतील जवळजवळ नऊ विजेवर चालणाऱ्या होत्या. चीनमध्येही नव्या मोटारींपैकी निम्म्याच्या घरातील मोटारी वीज साठवून धावतात. यंत्रांचे कारखानदार म्हणूनच चार्जिंगची उपकरणे, वायुरूप इंधनाचे पंप, हिशेबाची संगणकप्रणाली असे नवे माल दुकानात मांडू लागले आहेत, आणि जुना माल खपविण्यासाठी आशिया व आफ्रिकेकडे पाहत आहेत. व्यापाऱ्याने असे करणे हे स्वाभाविकच आहे. प्रश्न आपण गिऱ्हाईक म्हणून किती शहाणे आहोत, हा आहे.

भारतात हे यंत्र सहसा पंपवाला स्वतः विकत घेत नाही. तेल कंपनी निविदा काढून घाऊक खरेदी करते, पंपावर बसविते आणि त्यापोटी पंपवाल्याकडून परवाना शुल्क वसूल करते. त्यामुळे यंत्रांची मागणी गाड्यांच्या संख्येवर जितकी अवलंबून असते, तितकीच कंपन्यांनी नव्या जागा किती जाहीर केल्या यावरही असते. नोव्हेंबर २०१८ मध्ये तिन्ही सरकारी कंपन्यांनी एकाच जाहिरातीत पंचावन्न हजारांहून अधिक जागा काढल्या, तेव्हा पंपवाल्यांच्या संघटनांनी आक्षेप घेतला होता की, इंधनाचा खप तितका वाढत नसताना पंपच वाढविले, तर प्रत्येकाच्या ताटातील घास लहान होईल. तो आक्षेप आम्हांस तेव्हाही रास्त वाटला होता. जेथे खपाचा प्रवाहच राज्याच्या सीमेवर वळविला जातो, तेथे तर त्याची धार अधिकच तीव्र होते.

पांढुर्णा नागपूरहून बैतूल-भोपाळकडे जाणाऱ्या महामार्गावर आहे, सौसर नागपूर-छिंदवाडा मार्गावर. एकाच्या शेजारी अमरावती जिल्ह्यातील वरूड व नागपूर जिल्ह्यातील नरखेड, दुसऱ्याच्या शेजारी सावनेर. हा सारा मुलूख एकेकाळी नागपूरकर भोसल्यांचा. भाषा वऱ्हाडी-नागपुरी वळणाची मराठी, पीक संत्र्याचे आणि कापसाचे, सोयरिकी अलीकडच्या आणि पलीकडच्या. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत हे तालुके मध्य प्रदेशात राहिले आणि ५ ऑक्टोबर २०२३ रोजी छिंदवाड्यापासून वेगळे होऊन त्यांचा पांढुर्णा हा स्वतंत्र जिल्हा झाला. कलेक्टर कचेरी दारात आली, हे चांगलेच झाले. पण पंपावरील काटा भोपाळहून फिरतो, आणि चार कोसांवरच्या पंपावरील काटा मुंबईहून.

हा काटा कसा फिरत आला ते पाहण्याजोगे आहे. २०२१ च्या नोव्हेंबरच्या आरंभी भोपाळात पेट्रोल लिटरमागे ११८ रुपयांवर होते आणि मुंबईत ११५ वर. सीमेवरील गावांचे भाव थोड्याफार फरकाने आपापल्या राजधानीच्या मागोमाग जातात, असे धरून चालावे. त्याच आठवड्यात केंद्राने उत्पादन शुल्क उतरविले. मध्य प्रदेशाने आपला व्हॅटही चार टक्क्यांनी कमी केला. महाराष्ट्राने केला नाही. झाले, भोपाळ १०७ वर आले आणि मुंबई ११० च्या उंबरठ्यावर राहिली. काल महाग असलेला पांढुर्ण्याचा पंप आज स्वस्त ठरला. हे सुख आठ महिने टिकले. जून २०२२ च्या अखेरीस महाराष्ट्रात सरकार बदलले, जुलैमध्ये नव्या सरकारने पेट्रोलवरील कर पाच रुपयांनी व डिझेलवरील तीन रुपयांनी कमी केला, आणि मुंबईचा भाव १०६ वर, तर भोपाळचा १०८ च्या वर, असे चित्र पुन्हा उलटे झाले. नऊ महिन्यांत दोनदा दिशा बदलली. या काळात पांढुर्ण्यातील कोणत्याही पंपवाल्याच्या कर्तबगारीत वा सचोटीत तिळमात्र बदल झालेला नव्हता. बदलले ते दूरच्या दोन मंत्रालयांतील कागद.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यामध्ये जाम नदीच्या पात्रात गोटमार होते, तिची कीर्ती सर्वदूर आहे. तिच्यात माणसे जायबंदी होतात, प्रसंगी प्राणासही मुकतात, म्हणून सरकार दर वर्षी चिंता व्यक्त करते. ती गोटमार वर्षातून एक दिवस चालते. दोन राज्यांच्या अर्थखात्यांची बारा महिने चालते, तिची चिंता मात्र कोणी वाहिलेली दिसत नाही.

मध्य प्रदेशात पेट्रोलवर २९ टक्के व्हॅट, शिवाय लिटरला अडीच रुपये आणि वर एक टक्का उपकर, अशी आकारणी नोव्हेंबर २०२१ च्या कपातीनंतर राहिली. महाराष्ट्रात २०२४ नंतर मूल्यावर २५ टक्के आणि लिटरला पाच रुपये बारा पैसे. ही दोन गणिते वेगवेगळी उत्तरे देणारच. लिटरमागे दोन-तीन रुपयांचा फरक शहरी वाचकास क्षुल्लक वाटेल. मालमोटारीची टाकी तीनशे-चारशे लिटरांची असते हे ध्यानात घेतले म्हणजे लिटरला एका रुपयाचा फरकही चालकाच्या निर्णयास कसा पुरतो ते कळते. आंबिया बहराची संत्री तोडणीला आली की या तालुक्यांतून मालाच्या गाड्या निघतात. त्या गाड्यांनी टाकी कोठे भरावी हे अंतराने ठरत नाही, भावाने ठरते. नागपूरहून दिल्लीकडे निघालेली गाडी सीमेअलीकडेच पोट भरून पांढुर्ण्यावरून न थांबता निघून जाते. भाव उलटला की नरखेड-सावनेरकडच्या पंपवाल्यावर तीच पाळी.

पंपवाल्यास लिटरमागे मिळणारे कमिशन ठरावीक असते. ३० ऑक्टोबर २०२४ रोजी ते पेट्रोलवर ६५ पैशांनी आणि डिझेलवर ४४ पैशांनी वाढविण्यात आले, तेही सात वर्षांच्या प्रतीक्षेनंतर. भाव चढो वा उतरो, त्याची कमाई विकल्या गेलेल्या लिटरांवर. वीज, रखवाली, नोझलवर उभ्या असणाऱ्या पोरांचे पगार, कंपनीचे शुल्क हे खर्च मात्र खप घटला म्हणून घटत नाहीत. खप घटला की प्रथम रात्रपाळीचा माणूस कमी होतो. पाठोपाठ ज्या शेतकऱ्याला पंधरा लिटर डिझेल जवळच मिळत होते, त्याला ते मिळण्याची वेळ आखडते. मग दुचाकीला प्लास्टिकचे कॅन बांधून इंधन आणण्याची जीवघेणी प्रथा बळावते. पंप बुडणे ही एकट्या मालकाची अडचण राहत नाही ती अशी.

आमच्या वाचकांस २०१२ साल आठवत असेल. त्या वर्षी एप्रिलच्या प्रारंभी मनोहर पर्रीकर यांच्या सरकारने गोव्यात पेट्रोलवरील व्हॅट जवळजवळ पुसून टाकला आणि पेट्रोल लिटरला सुमारे अकरा रुपयांनी उतरले. आम्हां गोवेकरांस आनंद झाला, तो साहजिक होता. पण पत्रादेवीच्या पलीकडे बांदा-सावंतवाडीच्या पंपांना त्या आनंदाचे मोल चुकवावे लागले. पुढे हा कर टप्प्याटप्प्याने पुन्हा चढत गेला. आपण त्या वेळी रेषेच्या सुदैवी बाजूस होतो एवढेच. पेडण्याच्या पंपावरील रांग हे राज्याच्या समृद्धीचे लक्षण मानणाऱ्यांनी, त्या रांगेतील किती गाड्या बाहेरच्या पाटीच्या होत्या हेही मोजावयास हवे होते.

आता पुन्हा यंत्राकडे. अमेरिकेत १९७९ साली गॅसोलिनचा भाव गॅलनला एक डॉलरच्या वर गेला तेव्हा तेथील कित्येक जुन्या यंत्रांवर तो आकडा दाखविण्याची सोयच नव्हती. लोकांनी अर्ध्या गॅलनचा भाव लावून वेळ निभावली. आपल्याकडे हा प्रसंग फेब्रुवारी २०२१ मध्ये मध्य प्रदेशातच घडला. भोपाळात विशेष दर्जाच्या पेट्रोलने शंभरी ओलांडली आणि काही पंपांवरील जुन्या यंत्रांच्या काचेवर रुपयाचे तीन अंक मावेनात. विक्री थांबवावी लागली. महागाईचा अंदाज यंत्र बनविणाऱ्यासही आला नव्हता, असे म्हणून हसण्याचा मोह होतो. परंतु त्यातून दिसते ते हे की, नवी यंत्रे आधी गजबजलेल्या, खपाच्या पंपांवर जातात आणि जुनी रखडत राहतात ती कमी खपाच्या जागी. सीमेवरील पंप या हिशेबात कोठे बसतात हे सांगावयास नको.

जुन्या यंत्राबरोबर मापाचा प्रश्न येतो. यंत्राच्या पोटात दट्ट्यांच्या फेऱ्यांनी द्रव मोजला जातो. त्या फेऱ्यांचे रूपांतर पल्सर नावाचा भाग विजेच्या स्पंदांत करतो आणि ते स्पंद मोजून काचेवर लिटर व रुपये उमटतात. एप्रिल २०१७ मध्ये उत्तर प्रदेश पोलिसांच्या विशेष पथकाने लखनौत, आणि त्यानंतर ठाणे पोलिसांनी महाराष्ट्रातील अनेक पंपांवर छापे घातले, तेव्हा याच साखळीत लबाडी केल्याचे उघडकीस आले होते. ‘झीरो पाहा’ हे पंपावरील वाक्य ऐकून निश्चिंत होणाऱ्यास त्यानंतर कळून चुकले की शून्य खरे असूनही लिटर खोटा असू शकतो. कायद्याने पाच लिटरमागे पंचवीस मिलिलिटरपर्यंतचा फरक सहन केला जातो, आणि शंका आल्यास पाच लिटरच्या प्रमाणित मापाने तपासणी मागण्याचा ग्राहकास हक्क आहे. आम्ही पांढुर्णा-सौसरच्या कोणाही व्यावसायिकावर संशय घेत नाही. मात्र ज्याचा खप सरकारी कागदाने हिरावला, त्याच्यापुढे मोहाचे निमित्तही सरकारच ठेवते, हे वैधमापन खात्याच्या अधिकाऱ्यांनी विसरू नये. सीमेच्या दोन्ही बाजूंस तपासणी वर्षातून एकदा शिक्का मारण्यापुरती न राहता अवचित आणि वारंवार व्हावी.

मूळ दुखणे कराचे आहे. राज्यघटनेच्या २७९-अ कलमान्वये पेट्रोल व डिझेल वस्तू व सेवा कराखाली कधीपासून आणावे याची शिफारस जीएसटी परिषदेने करावयाची आहे. १७ सप्टेंबर २०२१ रोजी लखनौच्या बैठकीत विषय निघाला आणि ही वेळ नव्हे असे ठरून बाजूस ठेवला गेला. राज्यांना हे हुकमी उत्पन्न हातचे सोडवत नाही, हे समजण्यासारखे आहे. पण संपूर्ण देशाचा प्रश्न सुटेपर्यंत शेजारच्या दोन राज्यांनी एकमेकांशी बोलू नये असा काही दंडक नाही. येथे आणखी एक गंमत आहे. १९५६ च्या ज्या कायद्याने ही सीमा पक्की केली, त्यानेच राज्याराज्यांतील असे तंटे मिटविण्यासाठी क्षेत्रीय परिषदा स्थापन केल्या. आणि त्यांत महाराष्ट्र व गोवा पश्चिम परिषदेत, तर मध्य प्रदेश मध्य परिषदेत आहे. वरूडचा आणि पांढुर्ण्याचा प्रश्न एका मेजावर मांडता येईल अशी बैठक नेमाने होतच नाही.

ती घडवून आणणे दोन्ही मुख्यमंत्र्यांच्या हाती आहे. दोन्ही परिषदांचे अध्यक्षपद केंद्रीय गृहमंत्र्यांकडेच असते, तेव्हा बोलावणे कोणी धाडावे हा वादही उद्भवू नये. लिटरमागे एक रुपयाहून अधिक अंतर पडणार असेल तर शेजारच्या राज्यास आगाऊ कळवावे, एवढा एक ठराव त्या बैठकीत झाला तरी पांढुर्णा, सौसर, नरखेड आणि सावनेर येथील पंपवाल्यांस पुढच्या बहराचा माल कोणत्या भरवशावर भरावा हे ठरविता येईल. आणि गोव्याच्या मुख्यमंत्र्यांनी तोच ठराव बांदा व कारवारच्या बाबतीत आपणहून मांडावा, अशी आमची सूचना आहे.