पानाच्या पोटातील पतंग

पावसाळा ओसरून भातकापणीची धांदल सुरू झाली की महाड-पोलादपूरच्या वाड्यावस्त्यांवरील काजूच्या कलमांना नवी पालवी फुटते आणि त्या तांबूस, कोवळ्या पानांवर थोड्याच दिवसांत भाजल्यासारखे पांढुरके फोड उठतात. घरधनी त्यास करपा समजून औषधाचा पंप पाठीस लावतो. वस्तुतः तो रोगच नव्हे. ज्याचे अवघे बालपण पानाच्या दोन पापुद्र्यांमध्ये जाते, अशा एका चिमुकल्या रुपेरी पतंगाचे ते वसतिस्थान होय.

या सृष्टीचा परिचय करून घेण्यास परसातील कागदी लिंबाइतके सोयीचे झाड नाही. कोवळे पान खुडून उजेडाकडे धरले असता त्यावर चकचकीत, वळणावळणाची एक वाट दिसते. आरंभी ती दोऱ्याएवढी बारीक असते, पुढे अळीच्या वाढीबरोबर रुंदावत जाते, आणि तिच्या मधोमध विष्ठेची काळसर रेघ अखंड चाललेली असते. शेतकरी जिला नागअळी म्हणतात ती हीच. तिला पाय नसतात. पात्यासारख्या चपट्या जबड्यांनी ती पानाच्या वरच्या त्वचेतील पेशी फाडून त्यांतील रस पिते, आणि एका पानात जन्मलेली अळी दुसऱ्या पानाचे तोंडही न पाहता त्याच पानाची कड दुमडून तिच्या आड कोष करते. त्यातून निघणारा पतंग पंख पसरूनही जेमतेम अर्धा सेंटिमीटर भरतो. त्याच्या शुभ्र पंखाच्या टोकाशी असलेला काळा ठिपका पाहावयास भिंगच हवे.

काजूवरील पतंगाची तऱ्हा निराळी आहे. त्याची अळी वाट न कोरता फोड पाडते, एका पानात अनेक अळ्या नांदतात, आणि पूर्ण वाढलेली, लालसर झालेली अळी खाली उतरून मातीत कोषावस्थेत जाते. मागे राहिलेला सुकलेला पापुद्रा फाटून पानास भोके पडतात. मात्र ही भोके दिसू लागतात तेव्हा अळी केव्हाच निघून गेलेली असते.

या कीटकांची वनस्पतींवरील निष्ठा मला सर्वाधिक विलक्षण वाटते. नागअळी लिंबू, संत्रे, बेल, कुंती अशा एकाच कुळातील झाडांवर वाढते. काजूचा पतंग आंब्यावरही राहतो, कारण आंबा व काजू हे सगोत्र. प्रत्येक कुळाने स्वसंरक्षणार्थ आपापली तेले, चीक व कडवट द्रव्ये सिद्ध केली आहेत, आणि ज्या अळीला एका कुळाचे विष पचते तिला ते कुळ म्हणजे पिढीजात वतनच होऊन बसते. काजू तर ब्राझीलचा. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी तो या किनाऱ्यावर आणला. परंतु परमुलखातून आलेल्या या झाडातील भाऊबंदकी आपल्या पतंगाने अचूक ओळखली. हा संबंध किती पुरातन असावा? अमेरिकेतील डाकोटा खडकांत सापडलेल्या अश्मीभूत पानांवर अशाच कोरीव वाटा आढळल्या असून त्यांचे वय सुमारे ९ कोटी ७० लाख वर्षे ठरले आहे.

नागअळीच्या पतंगास शास्त्रीय नाव मिळाले ते १८५६ साली, कलकत्त्याच्या नमुन्यांवरून, स्टेन्टन या इंग्रज अभ्यासकाकडून. पुढे एडवर्ड मेरिक या शिक्षकाने हिंदुस्थानातून गेलेल्या अगणित सूक्ष्म पतंगांना नावे दिली, काजूचा पतंगही त्यांतलाच. आणि बिहारातील पुसा येथील शाही कीटकशास्त्रज्ञ फ्लेचर यांनी १९२० मध्ये अशा पतंगांचे जीवनक्रम प्रसिद्ध केले. १९९३ मध्ये नागअळी अमेरिकेतील फ्लोरिडात अवतरली, तेव्हा तेथील बागाइतदारांची तारांबळ उडाली आणि तिच्यावर जगणारी एक परोपजीवी गांधीलमाशी ऑस्ट्रेलियातून मागवावी लागली. आपल्याकडे मात्र अशा बारीक गांधीलमाश्या मुळातच नांदतात. पोखरलेल्या पानातच त्या अळीचा निकाल लावतात, आणि पंपातील औषध प्रथम मारते ते त्यांनाच.

म्हणून मोठ्या झाडावर दहा-वीस पाने पोखरलेली दिसली तर ती खुशाल राहू द्यावीत. त्याने पीक बुडत नाही. रोपवाटिकेतील कलमांची व लहान झाडांची गोष्ट वेगळी, कारण त्यांची सारी भिस्त नव्या पालवीवर असते आणि लिंबाच्या पोखरलेल्या पानांतून खैऱ्या रोगालाही सहज शिरकाव मिळतो. तेथे पालवी फुटतानाच पाच टक्के निंबोळी अर्क फवारावा.

आणि वरंध, आंबेनळी या घाटांच्या पायथ्याच्या रानांत फिरणाऱ्या शिक्षकांना व विद्यार्थ्यांना एक विनंती आहे. हे पतंग सहसा दृष्टीस पडत नाहीत, परंतु झाडाची जात आणि पोखरणीचा आकार या दोहोंवरून पतंगाची जात पुष्कळदा ओळखता येते. तेव्हा कोरलेले पान दिसल्यास ते वहीत दाबून ठेवावे आणि शेजारी झाडाचे नाव, गाव व तारीख लिहून ठेवावी.