विषबाधानिदान संकेतांकन

कीटकनाशके, आम्ले, विषारी वायू यांसारख्या औषधेतर रासायनिक पदार्थांशी अजाणता संपर्क येऊन झालेल्या विषबाधेचे निदान ठराविक अक्षर-अंकांच्या खुणांनी नोंदविण्याची पद्धती. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातील संकेतांक त्यासाठी वापरतात. जालना जिल्ह्यात (स्थापना १ मे १९८१) कापूस हे एक प्रमुख पीक असून पावसाळ्यात त्यावर वारंवार फवारणी करावी लागते. त्यामुळे या जिल्ह्यात हा विषय केवळ दप्तरी स्वरूपाचा राहत नाही.

मृत्युकारणांची आंतरराष्ट्रीय यादी झाक बेर्तीयाँ यांनी १८९३ मध्ये मांडली. १९४८ मधील सहाव्या आवृत्तीपासून हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले. त्या आवृत्तीत आजारांचाही समावेश झाला आणि इजेचे स्वरूप व तिचे बाह्य कारण अशी दुहेरी नोंद रूढ झाली. दहावी आवृत्ती १९९० मध्ये मान्य झाली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अंमलात आली. अकराव्या आवृत्तीत संकेतांकांची रचना बदलली असली, तरी दुहेरी नोंदीचे तत्त्व कायम आहे. पुढील उदाहरणे दहाव्या आवृत्तीतील आहेत.

पहिला संकेतांक शरीरात काय घडले ते सांगतो. कार्बनी फॉस्फरस व कार्बामेट कीटकनाशकांच्या बाधेस टी ६०.०, तर तणनाशके व कवकनाशके यांच्या बाधेस टी ६०.३ असा संकेतांक आहे. दुसरा संकेतांक ते कसे घडले हे सांगतो. कीटकनाशकाची अपघाती बाधा एक्स ४८, तेच विष आत्महत्येच्या हेतूने घेतल्यास एक्स ६८, दुसऱ्याने घातपाताने दिल्यास एक्स ८७ आणि उपलब्ध माहितीवरून हेतू ठरविणे वैद्यकीय वा न्यायिक अधिकाऱ्यास शक्य नसल्यास वाय १८. बिंदूनंतरचा अंक स्थळ दाखवितो : शेतात फवारताना बाधा झाल्यास एक्स ४८.७, शीतपेयाच्या रिकाम्या बाटलीत ठेवलेले औषध घरात मुलाने प्याल्यास एक्स ४८.०. शेतातील राहते घर मात्र शेत न धरता घर धरतात. कीटकनाशकाखेरीज अन्य विषांनाही हीच रीत लागू पडते. जालन्यात भंगारापासून पोलाद तयार करणारे कारखाने आहेत. अशा ठिकाणी एखाद्या कामगारास कार्बन मोनॉक्साइडाची अपघाती बाधा झाल्यास टी ५८ व एक्स ४७.६ ही जोडी येईल.

अर्थात संकेतांक निदानाइतकाच अचूक असतो. कार्बनी फॉस्फरस संयुगे कोलिनएस्टरेज या एंझाइमाचे कार्य रोखतात. त्यामुळे लाळ व घाम सुटणे, बाहुल्या आकुंचित होणे, नाडी मंदावणे, श्वासनलिकांत स्राव साचणे ही लक्षणे दिसतात. ॲट्रोपीन हे त्यावरील मुख्य औषध होय. विष पोटात गेलेला रुग्ण बहुधा लगेच ओळखू येतो. याउलट पाठीवरच्या पंपातून गळणारे द्रावण कातडीतून दिवसभर शोषले गेलेला मजूर केवळ चक्कर, उलटी व अंधुक दिसणे एवढ्याच तक्रारी सांगतो. त्याच्या केसपेपरवर ‘अज्ञात विषबाधा’ असे लिहिले गेले की टी ६५.९ व एक्स ४९ हे सर्वसाधारण संकेतांक पडतात आणि कीटकनाशक जिल्ह्याच्या आकडेवारीतून नाहीसे होते. प्रोफेनोफॉस व सायपरमेथ्रिन यांसारख्या मिश्रणांत तर दोन घटक दोन वेगळ्या गटांत मोडतात. तेव्हा डब्यावरील वेष्टन रुग्णाबरोबर आणणे हे उपचाराप्रमाणेच नोंदीसही उपकारक ठरते.

मृत्यू झाल्यास एक्स ४८ हाच मूळ कारणाचा संकेतांक ठरतो. टी ६० ला दुय्यम स्थान मिळते. जन्ममृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ खालील वैद्यकीय प्रमाणपत्रात (रुग्णालयातील मृत्यूसाठी नमुना ४) मृत्यूच्या प्रकाराची स्वतंत्र नोंद असते. ती टाळून केवळ ‘हृदय व श्वसन बंद पडले’ असे लिहिण्याची सवय सदोष आहे, कारण मृत्यू कोणत्याही कारणाने आला तरी अखेर हेच घडते. उत्तरीय तपासणीतील अवयवांचे रासायनिक विश्लेषण उशिरा हाती येत असल्याने प्रमाणपत्र पुष्कळदा त्याआधीच लिहिले जाते.

या भेदाचे महत्त्व २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात प्रकर्षाने दिसून आले. कापसावर फवारणी करताना बाधा झालेले शेकडो शेतकरी व शेतमजूर तेथे रुग्णालयात दाखल झाले, वीसच्या आसपास दगावले आणि शासनास विशेष तपास पथक नेमावे लागले. विदर्भ-मराठवाड्यात कीटकनाशक म्हटले की आत्महत्येचा संशय आधी येतो. या संशयाने लिहिलेला एक्स ६८ फवारणीतील मृत्यूला चुकीच्या रकान्यात टाकतो आणि सुरक्षा साधने, पंपांची दुरुस्ती, विक्रीवरील नियंत्रण यांची निकड आकड्यांतून दिसेनाशी होते. राज्य शासनाच्या गोपीनाथ मुंडे यांच्या नावाच्या शेतकरी अपघातविषयक योजनेत कीटकनाशके हाताळताना झालेली विषबाधा हा अपघात मानला जातो, आत्महत्या मात्र वगळली जाते. मदतीचा निर्णय संकेतांकावर होत नसून पोलीस पंचनामा व उत्तरीय तपासणी अहवाल यांवर होतो. परंतु रुग्ण कोठे, कोणते औषध व कोणत्या कामासाठी हाताळत होता हा केसपेपरवरील पहिला मजकूर या सर्व कागदपत्रांना आधार पुरवितो, आणि तो बहुधा रात्रपाळीच्या वैद्याने घाईत लिहिलेला असतो.