हिरव्या बीजुकांचे भूछत्र : भक्ष्य की अभक्ष्य?

पावसाळ्यात वडवणी परिसरातील रुग्ण भूछत्राविषयी हमखास विचारतात. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात, २७ व्या अध्यायात, सर्पच्छत्रक वगळून इतर छत्रजाती मधुर, शीत, गुरु व पीनसकर सांगितल्या आहेत. खरी अडचण ओळखीची आहे.

गवताळ जागी उगवणारे क्लोरोफिलम मॉलिब्डायटिस कोवळेपणी खाद्य भूछत्रासारखेच पांढरे दिसते. पक्व टोपी रात्रभर कागदावर ठेवल्यास हिरवट बीजुके पडतात. मात्र हिरवा रंग न दिसणे ही खाद्यतेची हमी नव्हे. काहींना ते बाधत नाही, इतरांस साधारणतः १ ते ३ तासांत वमन व अतिसार होतो. लक्षणे ६ तासांनंतर उद्भवल्यास यकृतघाती विषाची शंका घ्यावी व उपचारात वेळ न दवडता रुग्णास रुग्णालयात पाठवावे. औषधालयांनीही अनोळखी वाळविलेले भूछत्र स्वीकारू नये. संदिग्ध द्रव्य त्याज्यच मानावे.