यजमानांनाही सवड देणारी कोथिंबीर वडी

घरी चारचौघांना बोलवायचे ठरले की मुख्य जेवणाचा बेत लवकर ठरतो. खरी अडचण असते ती जेवणापूर्वीच्या तासाची. पाहुणे सात वाजल्यापासून एकेक करून येऊ लागतात आणि पाने मांडली जातात साडेआठच्या सुमारास. मधल्या वेळात हातात काही चटकदार खाणे असावे, गप्पांना रंग चढावा, अशी सर्वांचीच अपेक्षा असते. आपल्याकडे या अपेक्षेचे सोपे उत्तर म्हणजे भजी. मात्र भजी कढईतून थेट ताटलीत यावी लागतात. त्यामुळे बैठकीत हास्यविनोद चाललेले असताना घरातील एक व्यक्ती, बहुधा गृहिणी, झारा हातात घेऊन शेगडीपुढे उभी असते. ज्या मेळाव्याची ती यजमानीण असते, त्यातून तीच नेमकी वजा होते.

बदलीच्या नोकरीत ही वजाबाकी अधिक जाणवते. नव्या गावी बिऱ्हाड लावले, सामान लागले, मुलांच्या शाळा सुरू झाल्या की शेजारी आणि सहकारी यांना एकदा घरी बोलावले जाते. त्या एका संध्याकाळी कुटुंबाची गावाशी ओळख होत असते. नोकरी करणाऱ्याला कार्यालयात चार माणसे भेटतातच. घरातील इतरांना मात्र हीच पहिली संधी असते. तीही स्वयंपाकघरात सरली, तर पाहुणे तृप्त होऊन परततात आणि अन्न रांधणारी व्यक्ती त्यांना अपरिचितच राहते. म्हणून पार्टीसाठी पदार्थ निवडताना चवीच्या बरोबरीने आणखी एक कसोटी लावावी: हा पदार्थ यजमानांना बैठकीत बसू देतो काय?

या कसोटीस पुरेपूर उतरणारा आपला घरगुती पदार्थ म्हणजे कोथिंबीर वडी. तिचे निम्म्याहून अधिक काम आदल्या दिवशी उरकते. वडी उकडून, गार करून ठेवली की पार्टीच्या दिवशी केवळ तुकडे करून परतणे उरते. भाषा बँकेचीच वापरायची तर ही मुदत ठेव आहे; आदल्या दिवशी गुंतवलेला तास ऐन वेळी सव्याज परत मिळतो.

परप्रांतातील बाजारात

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या वाचकांना पहिला प्रश्न नावाचा पडतो. गुजरातेत ‘कोथमीर’ म्हटले की काम होते. हिंदी प्रदेशात ‘हरा धनिया’, बंगालमध्ये ‘धोनेपाता’, कर्नाटकात ‘कोत्तंबरी सोप्पू’, आंध्र व तेलंगणात ‘कोत्तिमीर’, तमिळनाडूत ‘कोत्तमल्ली’ आणि केरळात ‘मल्लियिला’ मागावी. विदर्भात कोथिंबिरीला ‘सांबार’ म्हणतात. त्यामुळे नागपूरहून चेन्नईस गेलेल्या गृहस्थाने सवयीने भाजीवाल्याकडे सांबार मागितले, तर त्याला बहुधा उपाहारगृहाचा रस्ता दाखवला जाईल! बेसनालाही अशीच निरनिराळी नावे आहेत: तमिळमध्ये ‘कडलै मावु’, तेलुगूत ‘सेनगपिंडी’, कन्नडमध्ये ‘कडले हिट्टू’ आणि गुजरातीत ‘चणानो लोट’. बंगाल आणि ईशान्य भारतात लांबट, करवतीसारख्या कडांची एक पाने मिळतात. त्यांचा वास कोथिंबिरीसारखाच, किंबहुना अधिक उग्र असतो. पण ती वनस्पती वेगळी आहे. वडीसाठी आपली नेहमीची नाजूक पानांचीच कोथिंबीर घ्यावी.

जुडी घेताना पाने टवटवीत, देठ कोवळे आणि फुलोरा न आलेला असा पाहावा. थंडीच्या दिवसांत कोथिंबीर उत्तम मिळते. पावसाळ्यात ती चिखलाने माखलेली व लवकर सडणारी असते, भावही चढलेले असतात. त्या दिवसांत बेत असेल तर निम्मी कोथिंबीर आणि निम्मा कोबी किंवा मेथी घेऊनही चांगली वडी होते.

साहित्य (सुमारे २४ वड्यांसाठी)

बारीक चिरलेली कोथिंबीर २ वाट्या, हलके दाबून भरलेल्या, बेसन १ वाटी, तांदळाची पिठी २ मोठे चमचे, हिरव्या मिरच्या ३ व आले १ इंच, एकत्र वाटून, पांढरे तीळ १ मोठा चमचा, जिरे १ लहान चमचा, हळद अर्धा लहान चमचा, साखर १ लहान चमचा, चिमूटभर हिंग, चवीनुसार मीठ, मोहनासाठी तेल १ मोठा चमचा, पाणी लागेल तेवढेच, परतण्यासाठी तेल.

जेवणापूर्वीच्या खाण्यासाठी माणशी ४ वड्या पुरतात. १२ पाहुणे असतील तर वरील साहित्य दुप्पट घ्यावे.

आदल्या दिवशीची तयारी

कोथिंबीर निवडताना कोवळे देठ टाकू नयेत. सुगंध त्यांतही भरपूर असतो. पसरट पातेल्यात भरपूर पाणी घेऊन जुडी त्यात बुडवावी, हलवावी आणि कोथिंबीर वर उचलून घ्यावी. पातेले तसेच चाळणीवर ओतले तर तळाशी बसलेली माती पुन्हा पानांवर येते. पाणी स्वच्छ राहीपर्यंत ही कृती दोनतीन वेळा करावी. नंतर कोथिंबीर सुती कापडावर पसरून पूर्ण सुकू द्यावी आणि मगच चिरावी. चिरल्यानंतर धुतल्यास सुगंध पाण्याबरोबर निघून जातो आणि ओलाव्यामुळे पीठ सैल होते.

चिरलेल्या कोथिंबिरीत वाटण, तीळ, जिरे, हिंग, हळद, साखर व मीठ घालून पाच मिनिटे थांबावे. मिठामुळे पानांना पाणी सुटते. आता बेसन, पिठी व कडकडीत तापवलेले मोहन घालून, सुटलेल्या त्या ओलाव्यातच सर्व एकत्र करून पाहावे. गोळा जमत नसेल तरच पाण्याचा हबका द्यावा. पाव वाटीपेक्षा अधिक पाणी क्वचितच लागते. बेसन केवळ कोथिंबीर बांधून ठेवण्यापुरते असावे. ते अधिक झाले की वडी कोथिंबिरीची न राहता बेसनाची होते.

हाताला तेल लावून दोन लांबट वळकट्या कराव्यात आणि तेल लावलेल्या चाळणीत ठेवून मोदकपात्रात अथवा शिटी काढलेल्या कुकरमध्ये १५ ते २० मिनिटे उकडाव्यात. झाकणाला आतून कापड बांधल्यास वाफेचे थेंब वळकट्यांवर पडत नाहीत. सुरी खुपसून पाहावी. ती कोरी बाहेर आली की वड्या शिजल्या.

यानंतरची पायरी म्हणजे धीर धरणे. गरम वळकटी कापली की तिचा चुरा होतो. उकडताना पिठातील स्टार्च पाणी शोषून फुगलेला व मऊ असतो; गार होताना तो घट्ट होत जातो आणि वडीला आकार धरून ठेवण्याची ताकद येते. म्हणून वळकट्या पूर्ण निवाल्या की झाकणाच्या डब्यात घालून फ्रिजमध्ये ठेवाव्यात. तेथे त्या दोन दिवस चांगल्या राहतात. वाफवलेले ओलसर अन्न रात्रभर ओट्यावर मात्र ठेवू नये.

पार्टीच्या दिवशी

सकाळी एक सेंटिमीटर जाडीचे काप करून ठेवावेत. पाहुणे येण्यापूर्वी अर्धा तास पसरट तव्यावर थोडे तेल तापवून काप दोन्ही बाजूंनी खरपूस परतावेत. एका तव्यावर दहाबारा वड्या सहज मावतात. २४ वड्यांना जेमतेम पंधरा मिनिटे लागतात. परतलेल्या वड्या जाळीवर ठेवाव्यात. गरम असताना त्यांवर झाकण ठेवले तर कोंडलेली वाफ सगळा कुरकुरीतपणा घालवते. घरी ओव्हन किंवा एअर फ्रायर असेल तर वड्यांना तेलाचा हात लावून त्यात भाजता येतात. त्या थोड्या कोरड्या होतात, परंतु तेल बरेच कमी लागते.

सोबत घट्ट दह्यात चाट मसाला व किंचित साखर घालून केलेले चाटण पुरे. लिंबू पिळायचे ते परतल्यानंतरच. आंबट पदार्थ पिठात मिसळून उकडले की कोथिंबिरीचे हरितद्रव्य आपला चमकदार रंग गमावते आणि वडी मळकट दिसू लागते. वडी हलकी व्हावी म्हणून काहीजण खाण्याचा सोडा घालतात. त्याने हळदीला लालसर छटा येते, म्हणून येथे तो टाळलेलाच बरा. हलकेपणासाठी मोहन पुरेसे आहे.

बिघडले तर

वडी आतून चिकट लागली तर पाणी जास्त झाले किंवा उकडणे कमी पडले असे समजावे. दगडासारखी घट्ट झाली तर बेसन अधिक किंवा मोहन कमी पडले. परतताना फुटत असेल तर ती पुरेशी निवलेली नव्हती. तेलकट झाली तर तेल नीट तापण्याआधीच काप सोडले गेले. कितीही फुटल्या तरी चिंता नको. कुस्करलेल्या वडीला मोहरी-कढीलिंबाची फोडणी देऊन दुसऱ्या दिवशीची न्याहारी छान होते.

पाहुण्यांचे पथ्यपाणी

निरनिराळ्या प्रांतांतील माणसे एका बैठकीत येतात तेव्हा निमंत्रण देतानाच पथ्यांची चौकशी करणे हा आतिथ्याचाच भाग होय. वरील कृतीत कांदा, लसूण व बटाटा नाही. तथापि काटेकोर जैन आचार पाळणाऱ्यांना आलेही वर्ज्य असते. त्यांच्यासाठी ते वगळून मिरची-जिऱ्यावर काम भागवावे. पर्युषणाच्या काळात तर हिरवी भाजीच चालत नाही, तेव्हा बेतच बदलावा. गव्हाचे पथ्य असणाऱ्यांना बेसन व तांदूळ चालतात, परंतु बाजारातील बांधानी हिंगात पुष्कळदा गव्हाचे पीठ मिसळलेले असते, म्हणून वेष्टन वाचावे किंवा हिंग गाळावा. तिळाची अॅलर्जी असणाऱ्या व्यक्तीही असतात. एक वळकटी तिळाविना करून वेगळ्या ताटलीत ठेवणे अवघड नाही.

काही थोड्या लोकांना कोथिंबीर साबणासारखी लागते. हा नखरा नव्हे. कोथिंबिरीच्या वासात आल्डिहाइड जातीची काही द्रव्ये असतात आणि तशाच प्रकारची द्रव्ये साबणातही आढळतात. ती जाणवण्यातील हा फरक काही अंशी आनुवंशिक असल्याचे संशोधनातून दिसून आले आहे. अशा पाहुण्याला आग्रह करू नये. त्याच कृतीने केलेल्या पालकाच्या किंवा कोबीच्या चार वड्या त्याच्यापुढे ठेवाव्यात.

एक शेवटची सूचना

परतण्याचे काम एकाच व्यक्तीवर राहू नये. काप तयार असले की या कामाला विशेष कौशल्य लागत नाही. घरातील कोणीही, अगदी गृहस्वामीही, ते निभावू शकतो. पाहुण्यांपैकी कोणी हौसेने मदतीस आले तर त्यांनाही उलथने द्यावे. कोलकात्याच्या शेजाऱ्यांना त्यांची धोनेपातार बडा आठवेल, गुजराती सहकाऱ्यांना मुठिया आठवतील, विदर्भातील पाहुणे पुडाच्या वडीचा विषय काढतील. ‘आमच्याकडे हे असे करतात’ या वाक्याने गप्पा सुरू होतात आणि पाककृतींची देवाणघेवाण होता होता माणसांची ओळख पक्की होते. पुढच्या वेळी बोलावणे त्यांच्याकडून येते. त्या घरी जाताना मोकळ्या हाताने जाऊ नये. फ्रिजमध्ये उकडलेली एखादी वळकटी असावी.