फुटबॉल स्टेडियमची स्वयंमार्गदर्शित सफर

फुटबॉल स्टेडियमची स्वयंमार्गदर्शित सफर म्हणजे सामना नसलेल्या दिवशी, वाटाड्या सोबत न घेता, आखून दिलेल्या मार्गाने आणि स्वतःच्या गतीने केलेली स्टेडियमची पाहणी होय. ड्रेसिंग रूम, खेळाडूंचा बोगदा, मैदानाची कड, राखीव खेळाडूंची बाके, पत्रकार कक्ष, प्रेक्षक सज्जे आणि क्लबचे संग्रहालय हे या सफरीचे नेहमीचे टप्पे असतात. युरोप व दक्षिण अमेरिकेतील मोठ्या स्टेडियममध्ये ही पद्धत रूढ आहे. महाराष्ट्रातील फुटबॉल मैदानांवर ती रुळलेली नाही. तथापि येथील मैदानेही पाहण्याजोगी व समजून घेण्याजोगी आहेत.

स्वरूप

वाटाड्यासह होणाऱ्या सफरीत ठरावीक संख्येचा गट ठरावीक वेळी निघतो आणि एकत्रच परततो. स्वयंमार्गदर्शित सफरीत बहुधा केवळ प्रवेशाची वेळ नेमलेली असते. आत गेल्यावर कोठे किती वेळ थांबावे हे पाहुणा ठरवतो. प्रवेशद्वारापाशी त्याला कानयंत्रासह एक छोटे श्राव्य उपकरण दिले जाते किंवा स्वतःच्या मोबाईलवर निवेदन ऐकण्याची सोय केलेली असते. भिंतींवरील बाण व फलक मार्ग दाखवतात, तर ड्रेसिंग रूम आणि मैदानाची कड अशा मोक्याच्या जागी कर्मचारी उभे असतात. लंडनमधील आर्सेनल क्लबच्या एमिरेट्स स्टेडियमची सफर या प्रकारची आहे. हे स्टेडियम इ.स. २००६ मध्ये खुले झाले.

या पद्धतीमागे अर्थकारणही आहे. वीस संघांच्या लीगमध्ये प्रत्येक संघाच्या वाट्याला घरच्या मैदानावर १९ सामने येतात. चषक स्पर्धा व युरोपीय स्पर्धांचे सामने धरले तरी वर्षातील बहुतेक दिवस एवढी मोठी वास्तू रिकामीच राहते. मोजक्या कर्मचाऱ्यांच्या बळावर दिवसभर पाहुणे आत सोडता येत असल्याने क्लबांना ही व्यवस्था परवडते. सामन्याच्या दिवशी मात्र ती बंद असते किंवा तिचा मार्ग आखूड केला जातो, कारण ड्रेसिंग रूम संघांसाठी सज्ज ठेवावी लागते.

'स्वयंमार्गदर्शित' हा शब्द काहीसा सैल अर्थाने घ्यावा लागतो. मार्ग क्लबने आखलेला असतो, बंद दारे बंदच राहतात आणि कानात येणारे निवेदनही क्लबनेच लिहून घेतलेले असते. वाटाड्याला आडवा प्रश्न विचारता येतो, यंत्राला येत नाही.

मार्गावरील टप्पे

सफरीचा क्रम स्टेडियमगणिक बदलतो. मात्र वरच्या सज्जातून संपूर्ण मैदान दाखवून हळूहळू खाली उतरवणे आणि अखेरीस क्लबच्या दुकानातून बाहेर काढणे ही रचना पुष्कळ ठिकाणी आढळते.

ड्रेसिंग रूम हा सर्वाधिक गर्दीचा टप्पा असतो. यजमान संघाची खोली प्रशस्त व सजवलेली, तर पाहुण्या संघाची बहुधा साधी असते. इटलीतील मिलान शहराच्या सान सिरो स्टेडियममध्ये हा फरक वेगळ्या कारणाने दिसतो. इ.स. १९२६ मध्ये उघडलेले आणि इ.स. १९८० पासून ज्युसेप्पे मेआत्सा या खेळाडूचे नाव धारण करणारे हे स्टेडियम एसी मिलान व इंटर या दोन प्रतिस्पर्धी क्लबांनी घरचे मैदान म्हणून वापरले आहे. त्यामुळे तेथे दोन यजमान ड्रेसिंग रूम आहेत. मिलानच्या खोलीत प्रत्येक खेळाडूला स्वतंत्र आसन आहे, तर इंटरच्या खोलीत सर्वांसाठी सलग बाक आहे.

बोगद्यातून मैदानाकडे जाण्याची वाट ही खेळाडूंच्या मनावर परिणाम करणारी जागा मानली जाते. लिव्हरपूलच्या ॲनफिल्ड स्टेडियममध्ये या वाटेवर 'हे ॲनफिल्ड आहे' अशा अर्थाची पाटी लावलेली आहे. पाहुण्या संघाला धाक वाटावा म्हणून प्रशिक्षक बिल शँक्ली यांनी ती लावून घेतली होती. बार्सिलोनाच्या कँप नोउ येथे याच वाटेला लागून एक लहानसे प्रार्थनागृह होते.

मैदानाच्या कडेला पोहोचल्यावर हिरवळीवर पाऊल टाकण्यास सर्वत्र मनाई असते. अनेक मोठ्या मैदानांवरील गवत नैसर्गिक असले तरी ते घट्ट राहावे म्हणून त्यात कृत्रिम तंतू शिवलेले असतात, आणि उंच सज्जांची सावली पडणाऱ्या भागावर दिव्यांच्या चाकगाड्या फिरवून त्याला प्रकाश पुरवला जातो. माद्रिदच्या सांतियागो बेर्नाबेउ स्टेडियमच्या नूतनीकरणात तर संपूर्ण हिरवळ भागाभागांनी जमिनीखाली उतरवण्याची सोय करण्यात आली. म्हणजे तेथे जाऊनही गवत दिसेलच असे नाही.

राखीव खेळाडूंच्या बाकावर बसण्याची मुभा बहुतेक ठिकाणी मिळते, आणि हा टप्पा वरवर वाटतो त्याहून अधिक शिकवणारा आहे. दूरचित्रवाणीचा मुख्य कॅमेरा मध्यरेषेच्या सुमारास उंचावर असल्याने प्रेक्षकाला संघांची मांडणी नकाशासारखी दिसते. बाकाच्या उंचीवरून मात्र मैदान सपाट पट्टीसारखे भासते, पलीकडच्या कडेचे खेळाडू एकमेकांआड जातात आणि दोन खेळाडूंमधील अंतराचा अंदाज येत नाही. प्रशिक्षकाचा एखादा सहकारी सामना सज्जात उंचावर बसून का पाहतो, हे येथे बसल्यावर वेगळे सांगावे लागत नाही.

संग्रहालयांत चषक, जुने गणवेश व छायाचित्रे असतात. बार्सिलोना क्लबचे संग्रहालय इ.स. १९८४ मध्ये सुरू झाले व ते कातालोनियातील सर्वाधिक भेट दिल्या जाणाऱ्या संग्रहालयांत गणले जाते. क्लबने मांडलेला इतिहास साहजिकच विजयांचा असतो. पराभव, कर्जे आणि प्रेक्षकांशी झालेले वाद यांना काचेच्या कपाटात फारशी जागा मिळत नाही.

प्रेक्षक सज्जे आणि सुरक्षितता

सफरीत सर्वांत कमी वेळ दिला जाणारा भाग म्हणजे जिने, दारे व कठडे. वस्तुतः स्टेडियमचा खरा इतिहास याच भागांत वाचता येतो. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत गोलखांबांमागील सज्जांत प्रेक्षक पायऱ्यांवर उभे राहून सामना पाहत. रिओ दि जानेरोच्या माराकाना स्टेडियममध्ये १६ जुलै १९५० रोजी उरुग्वेने ब्राझीलला २-१ असे हरवले, तेव्हा अधिकृत आकड्यानुसार १,७३,८५० प्रेक्षकांनी तिकीट काढले होते. त्याच स्टेडियमची सध्याची आसनक्षमता सुमारे ७८,००० आहे. हा फरक मुख्यतः उभ्या प्रेक्षकांच्या जागी खुर्च्या आल्याने पडला.

या बदलामागे दुर्घटना आहेत. १५ एप्रिल १९८९ रोजी इंग्लंडमधील शेफिल्ड येथील हिल्सबरो मैदानावर लिव्हरपूल व नॉटिंगहॅम फॉरेस्ट यांच्यातील एफए चषकाच्या उपांत्य सामन्यात चेंगराचेंगरी झाली. बाहेरची गर्दी कमी करण्यासाठी पोलिसांनी बाहेर पडण्याचे एक मोठे दार उघडले. आत आलेला लोंढा समोरच्या बोगद्यातून आधीच भरलेल्या, जाळीने बंदिस्त केलेल्या कप्प्यांत शिरला. मृतांची संख्या अखेरीस ९७ झाली. आरंभी दोष प्रेक्षकांवर टाकण्यात आला, इ.स. २०१६ मधील न्यायिक चौकशीत ज्यूरीने प्रेक्षकांना निर्दोष ठरवले. न्यायमूर्ती टेलर यांच्या जानेवारी १९९० मधील अहवालानंतर इंग्लंडच्या वरच्या श्रेणीतील मैदानांत सर्व प्रेक्षकांसाठी खुर्च्या बंधनकारक झाल्या व जाळ्या हटल्या. ॲनफिल्डच्या बाहेरील भिंतीशी मृतांच्या नावांचे स्मारक आहे. तेथे जाण्यास सफरीचे तिकीट लागत नाही.

भारतातही अशी घटना घडली आहे. १६ ऑगस्ट १९८० रोजी कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर मोहन बागान व ईस्ट बंगाल यांच्या सामन्यात उसळलेल्या दंगलीत आणि चेंगराचेंगरीत १६ प्रेक्षक मरण पावले. त्यांच्या स्मरणार्थ तो दिवस तेथे फुटबॉलप्रेमी दिन म्हणून पाळला जातो.

ही पार्श्वभूमी ठाऊक असलेला पाहुणा रिकाम्या स्टेडियमकडे निराळ्या नजरेने पाहतो. सज्जातून बाहेर पडण्याची तोंडे किती, जिना खाली जाताना रुंदावतो की चिंचोळा होतो, दारे बाहेरच्या बाजूस उघडतात की आतल्या, मैदानाच्या कडेचे कुंपण संकटसमयी उघडता येते का, हे गर्दी नसतानाच निवांत पाहता येते. सान सिरोच्या बाह्यांगावरील उतरंडीचे वळणदार मार्ग आणि इ.स. १९९० च्या विश्वचषकासाठी उभारलेले अकरा गोल मनोरे छायाचित्रांत शोभेचे वाटतात. प्रत्यक्षात हजारो लोकांची ये-जा त्यांवरूनच होते.

महाराष्ट्र आणि गोवा

मुंबईतील कूपरेज मैदानाच्या नावात कूपर म्हणजे पिपे तयार करणारे कारागीर यांच्या जुन्या वस्तीची आठवण आहे. रोव्हर्स चषक ही इ.स. १८९१ मध्ये सुरू झालेली स्पर्धा दीर्घकाळ या मैदानाशी जोडलेली होती. इ.स. १९३७ मध्ये बंगळूर मुस्लिम्स हा ती जिंकणारा पहिला भारतीय संघ ठरला. नवी मुंबईत नेरूळ येथील डी. वाय. पाटील स्टेडियम इ.स. २००८ मध्ये उघडले. त्याचे छप्पर सज्जांत खांब न घेता तोललेले असल्याने कोणत्याही आसनावरून दृष्टी अडत नाही. इ.स. २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकाचा स्पेन व माली यांच्यातील उपांत्य सामना आणि इ.स. २०२२ च्या सतरा वर्षांखालील मुलींच्या विश्वचषकाचा अंतिम सामना येथे झाला. मडगावजवळील फातोर्डा येथील इ.स. १९८९ चे पंडित जवाहरलाल नेहरू स्टेडियम हे गोव्यातील प्रमुख फुटबॉल केंद्र आहे.

कोल्हापूरचे राजर्षी शाहू स्टेडियम या सर्वांहून वेगळे आहे. येथील संघ पेठांतील तालमी व मंडळांतून घडले. पाटाकडील तालीम मंडळ, दिलबहार तालीम मंडळ, बालगोपाल तालीम मंडळ, खंडोबा तालीम मंडळ ही नावेच कुस्तीच्या आखाड्याशी असलेले नाते सांगतात. मैदानाचे व्यवस्थापन कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनकडे आहे. संग्रहालय किंवा श्राव्य उपकरण नसले, तरी सामन्याच्या दिवशी तिकीट काढून पायऱ्यांवर बसणाऱ्या नवख्याला ते काम शेजारचा जुना प्रेक्षक करून देतो. कोणत्या पेठेचे समर्थक कोठे बसतात, कोणत्या वर्षी कोणता गोल कोणत्या बाजूस झाला, ही माहिती त्याच्याकडे असते. ती लिहून ठेवलेली नसल्याने त्या पिढीबरोबर नाहीशी होण्याचा धोका मात्र आहे.

वऱ्हाडातील मैदाने

वऱ्हाडात मोठे फुटबॉल स्टेडियम नाही. नांदगाव पेठ व परिसरातील विद्यार्थ्यांना जवळचे क्रीडाकेंद्र म्हणजे अमरावती शहर होय. इ.स. १९१४ मध्ये स्थापन झालेल्या येथील श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने इ.स. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी कबड्डीसह भारतीय खेळांची प्रात्यक्षिके दाखवली होती. याखेरीज राज्य शासनाच्या योजनेतून विभागीय, जिल्हा व तालुका अशा तीन स्तरांवर क्रीडा संकुले उभारली जातात.

अशा साध्या मैदानाची पाहणी मापपट्टी घेऊन करता येते. गोलखांबांमधील अंतर ७.३२ मीटर व आडव्या दांडीची उंची २.४४ मीटर असावी लागते. पेनल्टीची खूण गोलरेषेपासून ११ मीटरवर आणि मध्यवर्तुळाची त्रिज्या ९.१५ मीटर असते. मैदानाच्या लांबी-रुंदीत नियमांनी सूट ठेवली आहे: लांबी ९० ते १२० मीटर व रुंदी ४५ ते ९० मीटर. आंतरराष्ट्रीय सामन्यांसाठी त्या मर्यादा अनुक्रमे १०० ते ११० आणि ६४ ते ७५ मीटर आहेत. मैदान शक्यतो उत्तर-दक्षिण आखतात, अन्यथा सायंकाळच्या सामन्यात एका गोलरक्षकाच्या डोळ्यांवर ऊन येते; वऱ्हाडातील उन्हाळ्यात ही बाब प्रकर्षाने जाणवते. पावसाचे पाणी साचू नये म्हणून मैदानाचा मध्य कडांपेक्षा किंचित उंच ठेवतात. हा उतार उभ्याने दिसत नाही. कडेला बसून नजर जमिनीलगत आणल्यास किंवा पहिल्या मोठ्या सरीनंतर पाणी कोठे थांबते ते पाहिल्यास तो ध्यानात येतो.