साखर, कर्ज आणि धर्मासन : हीबर ग्रँट यांचे जीवन

बारामती आणि इंदापूर तालुक्यांत गळीत हंगामापूर्वी बॉयलरचे अग्निप्रदीपन होते, गव्हाणीचे पूजन होते आणि मग पहिली मोळी पडते. या समारंभाला धार्मिक क्षेत्रातील मान्यवरांनाही अगत्याने बोलावले जाते. १८८० च्या दशकात नीरा डाव्या कालव्याचे पाणी या कोरडवाहू मुलखात आले, पुढे वालचंदनगर वसले, माळेगाव, सोमेश्वर आणि भवानीनगरचे कारखाने उभे राहिले. कारखान्याने दिलेल्या भावावर येथे मुलांचे शिक्षण आणि मुलींची लग्ने ठरतात.

नीरेचे पाणी या शिवारात पसरत होते, त्याच सुमारास अमेरिकेतील युटा प्रदेशातही एका कोरड्या खोऱ्यात साखर कारखान्याची तयारी चालली होती. तेथे पुढाकार होता एका धर्मपंथाच्या नेत्यांचा, आणि भांडवलासाठी दारोदार फिरणाऱ्यांत होता एक तरुण विमा व्यावसायिक. त्याचे नाव हीबर जे. ग्रँट. हाच व्यापारी पुढे त्या पंथाचा सर्वोच्च प्रमुख झाला. त्याचे चरित्र ऊसपट्ट्यातील वाचकांनी जाणून घ्यावे असे आहे.

मॉर्मन म्हणजे कोण?

जोसेफ स्मिथ यांनी ६ एप्रिल १८३० रोजी न्यूयॉर्क राज्यात हा पंथ स्थापन केला. ‘चर्च ऑफ जीझस क्राईस्ट ऑफ लॅटर-डे सेंट्स’ हे त्याचे अधिकृत नाव. ‘मॉर्मनचा ग्रंथ’ हा ते बायबलबरोबर पवित्र मानतात, म्हणून लोक त्यांना मॉर्मन म्हणू लागले. छळामुळे देशोधडीला लागलेले हे लोक १८४७ साली ब्रिगम यंग यांच्या नेतृत्वाखाली सॉल्ट लेक खोऱ्यात पोहोचले. डोंगरातील ओढ्यांचे पाणी पाटांनी वळवून त्यांनी तेथे शेती वसवली.

पुण्याला हा पंथ अगदीच अपरिचित नाही. १८५० च्या दशकात ह्यू फिंडले हे स्कॉटिश मॉर्मन प्रचारक मुंबईहून पुण्याला आले होते. मराठी लोकांना उद्देशून त्यांनी एक पुस्तिकाही काढली. मात्र त्या कार्याने येथे मूळ धरले नाही.

या पंथाची शिकवण आणि आपली श्रद्धा यांत मूलभूत अंतर आहे. पिता, पुत्र व पवित्र आत्मा या तीन पृथक व्यक्ती असून त्यांचे ऐक्य हे केवळ उद्देशाचे आहे, असे मॉर्मन मानतात. आपण मात्र पवित्र त्रैक्यात एकच परमेश्वर मानतो. म्हणूनच ५ जून २००१ रोजी व्हॅटिकनच्या श्रद्धाविषयक विभागाने त्यांचा स्नानसंस्कार वैध नसल्याचा निर्णय दिला. हे अंतर ध्यानात ठेवूनच पुढील चरित्र वाचावे. दुसऱ्याच्या घरातील गुण-दोष समजून घेतल्याने आपली श्रद्धा उणी होत नाही.

दुकान सांभाळून धर्मसेवा

एक व्यापारी धर्मप्रमुख कसा होतो, असा प्रश्न आपल्याला पडेल. आपल्याकडे धर्मगुरू होण्यासाठी सेमिनरीत अनेक वर्षे अध्ययन करावे लागते. मॉर्मनांमध्ये असा वेगळा धर्मगुरुवर्ग नाही. त्यांचा ‘बिशप’ म्हणजे साधारण आपल्या धर्मग्रामाचा प्रमुख. तो आपली नोकरी किंवा दुकान सांभाळून काही वर्षे विनावेतन सेवा करतो. सर्वांत वर एक अध्यक्ष आणि बारा ‘प्रेषितांचे’ मंडळ असते. अध्यक्षाचे निधन झाल्यावर सर्वांत ज्येष्ठ प्रेषित त्याच्या जागी येतो. सभासद उत्पन्नाचा दशांश देतात. अशा व्यवस्थेत हिशेब जाणणारी माणसे वरच्या पदांवर पोहोचणे स्वाभाविकच आहे.

पोरका मुलगा आणि कर्जबाजारी प्रेषित

हीबर यांचा जन्म २२ नोव्हेंबर १८५६ रोजी सॉल्ट लेक सिटीत झाला. वडील जेडेडाया ग्रँट हे त्या शहराचे पहिले महापौर. मूल नऊ दिवसांचे असताना ते वारले. आई रेचल यांनी शिवणकाम करून आणि घरात भाडेकरू-जेवणकरी ठेवून मुलाला वाढवले. मुलाने हस्ताक्षर घोटून घोटून सुंदर केले, बँकेत कारकुनी केली आणि विशीच्या आसपास विम्याचा व्यवसाय सुरू केला. १८८२ साली, वयाच्या अवघ्या पंचविसाव्या वर्षी, तो प्रेषितमंडळात आला.

पंथाच्या त्या काळच्या रीतीप्रमाणे त्यांचे तीन विवाह झाले होते. १८९० साली पंथाने बहुपत्नीत्वाचा त्याग जाहीर केला. ती रीत आचरलेले ग्रँट हे शेवटचे अध्यक्ष ठरले. त्यांना दहा मुली झाल्या. दोन मुलगे झाले, ते दोघेही बालपणीच गेले.

१८९३ च्या आर्थिक अरिष्टात अमेरिकेतील शेकडो बँका कोसळल्या. ग्रँट तेव्हा एका बँकेचे अध्यक्ष होते. संस्था वाचवण्यासाठी ते पूर्वेकडील शहरांत सावकारांचे उंबरठे झिजवत राहिले. त्यांची स्वतःची मालमत्ता बुडाली आणि डोक्यावर मोठे कर्ज आले. दिवाळे जाहीर केले असते तर कायद्याने त्यांची सुटका झाली असती. त्यांनी तो मार्ग नाकारला आणि पुढील अनेक वर्षे कष्ट करून कर्ज फेडले. पुढे आयुष्यभर ते व्यासपीठावरून सांगत राहिले की कर्जापासून दूर राहा. त्या उपदेशामागे भोगलेले दुःख होते.

कारखान्याची दोन रूपे

साखरेचा पहिला प्रयत्न मॉर्मनांनी १८५० च्या दशकातच केला होता. युरोपातून आणलेली यंत्रसामग्री बैलगाड्यांनी शेकडो मैल ओढून नेली, परंतु साखर काही तयार झाली नाही. १८८९ साली ‘युटा शुगर कंपनी’ स्थापन झाली आणि १८९१ च्या ऑक्टोबरात लीहाय गावच्या कारखान्यातून साखर बाहेर पडली.

तेथे कच्चा माल ऊस नसून साखरबीट, म्हणजे जमिनीखाली वाढणारा गोड कंद. थंड हवामानात वाढणारे हे पीक उसासारखेच वजनाने जड, म्हणून कारखाना शेताजवळच हवा. शेतकऱ्याला रोख पैसा मिळावा आणि तरुणांनी गाव सोडू नये, हा धर्मनेत्यांचा हेतू होता. गुंतवणूकदार मागे हटू लागले तेव्हा भांडवल जमवण्याची जबाबदारी घेणाऱ्यांत ग्रँट आघाडीवर होते.

१९०७ साली ही कंपनी ‘युटा-आयडाहो शुगर कंपनी’ झाली. नोव्हेंबर १९१८ मध्ये ग्रँट पंथाचे अध्यक्ष झाले आणि कंपनीचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. पहिल्या महायुद्धानंतर साखरेचे भाव आकाशाला भिडले. ग्राहकांकडून अवाजवी दर घेतल्याबद्दल १९२० साली कंपनीच्या अधिकाऱ्यांवर खटले भरले गेले. १९२१ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने त्या कायद्यातील संबंधित कलम रद्द केले, म्हणून खटले निकाली निघाले. ग्रँट यांनी कंपनीची बाजूच घेतली.

येथे थांबून विचार केला पाहिजे. शेतकऱ्याच्या कळवळ्यातून उभा राहिलेला कारखाना तीस वर्षांत ग्राहकाच्या न्यायासनापुढे उभा राहिला. बीटाला चांगला भाव आणि गरिबाला परवडणारी साखर या दोन्ही गोष्टी न्याय्यच आहेत. त्यांचा तोल सांभाळणाऱ्याच्याच हाती धर्मासन आणि तिजोरी एकत्र आली, तर त्याला प्रश्न कोणी विचारायचा? महाराष्ट्रातील सहकारी कारखान्यांत निदान कायद्याने ऊस उत्पादक हाच सभासद असतो आणि वार्षिक सभेत त्याला मत असते. तो अधिकार कागदावर राहतो की वापरला जातो, हे सभासदांनीच पाहायचे.

मंदीतील कोठारे

१९३० च्या दशकातील महामंदीत असंख्य कुटुंबे बेकार झाली. १९३६ साली ग्रँट यांच्या नेतृत्वाखाली पंथाने कल्याण योजना सुरू केली. सामुदायिक शेतांत धान्य पिकवायचे, फळे-भाज्या डबाबंद करायच्या, कोठारांत साठवायच्या आणि गरजूंना द्यायच्या. मदत घेणाऱ्याने शक्य तेवढे काम करावे, म्हणजे त्याचा स्वाभिमान टिकतो, हे तिचे सूत्र. सभासद महिन्यातून एक दिवस उपवास करतात आणि वाचलेल्या जेवणाचे मोल गरिबांसाठी देतात. ती प्रथा या योजनेच्या पाठीशी होती. व्यापाऱ्याची शिस्त येथे खऱ्या अर्थाने उपकारक ठरली. १४ मे १९४५ रोजी ग्रँट यांचे निधन झाले.

आपल्यासाठी बोध

ग्रँट पंथाचे प्रमुख झाले त्याच १९१८ साली वसईत मोन्सिनियर पी. जे. मोनीस यांच्या पुढाकाराने बॅसीन कॅथॉलिक सहकारी पतसंस्थेचा पाया घातला गेला. तिची आज मोठी बँक झाली आहे. तिकडे व्यापारी धर्मनेता झाला, इकडे धर्मगुरूने खातेवही हाती घेतली. सावकारी पाशातून माणूस सुटावा, हीच दोघांची चिंता.

प्रभूने जकातनाक्यावर बसलेल्या मत्तयला बोलावले, तेव्हा हिशेबाचे कौशल्य टाकून ये असे सांगितले नव्हते. आपल्या धर्मग्रामातही व्यापारी, लेखापाल आणि पतसंस्थांचे संचालक आहेत. त्यांच्या कौशल्याची ख्रिस्तसभेला गरज आहे. मात्र कारखाना असो, पतसंस्था असो वा चर्चची दानपेटी, वही सर्वांसमोर उघडी असावी आणि शेवटच्या रांगेतील माणसालाही प्रश्न विचारता यावा. कर्ज फेडणारे ग्रँट आणि खटल्यातील कंपनीची पाठराखण करणारे ग्रँट एकच होते. पुढच्या हंगामात पहिली मोळी टाकताना ही दोन्ही रूपे आपल्या ध्यानी असावीत.