शासकीय नोकरभरतीतील विलंब आणि समान संधीचा हक्क : धाराशिव जिल्ह्याच्या संदर्भात

प्रस्तावना :
धाराशिव (पूर्वीचा उस्मानाबाद) हा मराठवाड्यातील अवर्षणप्रवण जिल्हा आहे. २०१८ मध्ये नीती आयोगाने निवडलेल्या आकांक्षित जिल्ह्यांत त्याचा समावेश झाला. मोठ्या उद्योगांच्या अभावी येथील सुशिक्षित तरुणांना शासकीय नोकरी हाच स्थैर्याचा प्रमुख मार्ग वाटतो. त्यामुळे भरतीतील विलंबाचा प्रश्न केवळ प्रशासकीय राहत नाही. तो न्यायाचा प्रश्न ठरतो. प्रस्तुत लेखात या प्रश्नाची कायदेशीर बाजू स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे.

राज्यघटनात्मक चौकट :
अनुच्छेद १४ नुसार कायद्यापुढील समानता आणि अनुच्छेद १६ नुसार सार्वजनिक सेवायोजनात समान संधी या मूलभूत हक्कांची हमी मिळते. मराठवाड्याच्या दृष्टीने अनुच्छेद ३७१ (२) हाही महत्त्वाचा आहे. विदर्भ, मराठवाडा आणि उर्वरित महाराष्ट्र या प्रदेशांना राज्य शासनाच्या सेवांमध्ये पुरेशी संधी मिळावी, यासाठी राज्यपालांवर विशेष जबाबदारी सोपविण्याची तरतूद त्यात आहे. या अनुच्छेदानुसार १९९४ मध्ये स्थापन झालेल्या विकास मंडळांची मुदत एप्रिल २०२० मध्ये संपली.

विलंब कसा घडतो? :
रिक्त पद भरण्यापूर्वी आकृतिबंधास मान्यता, बिंदुनामावलीची तपासणी, वित्त विभागाची संमती आणि मागणीपत्र असे टप्पे ओलांडावे लागतात. यांपैकी एक टप्पा अडला की जाहिरातच निघत नाही. जाहिरातीनंतर आरक्षणविषयक वाद, परीक्षा यंत्रणेतील बदल किंवा पेपरफुटी यांमुळे प्रक्रिया पुन्हा थांबते.

जिल्हा परिषदांची भरती हे याचे ठळक उदाहरण होय. मार्च २०१९ मध्ये राज्यातील जिल्हा परिषदांनी गट क संवर्गातील पदांच्या जाहिराती दिल्या. २०२० मध्ये महापरीक्षा पोर्टल बंद झाले. त्याच वर्षी करोनाच्या साथीमुळे शासनाने नवीन भरतीवर निर्बंध आणले. अखेर ऑक्टोबर २०२२ मध्ये ही भरती रद्द करून परीक्षा शुल्क परत करण्याचा निर्णय झाला. ऑगस्ट २०२३ मध्ये १९,४६० पदांसाठी नव्याने जाहिराती निघाल्या. २०१९ मध्ये ३६ वर्षांचा असलेला उमेदवार तोपर्यंत ४० वर्षांचा झाला होता. खुल्या प्रवर्गाची वयोमर्यादा ३८ वर्षे होती. शासनाने ३१ डिसेंबर २०२३ पर्यंतच्या जाहिरातींसाठी दोन वर्षांची सवलत दिली. परंतु सवलतीने पात्रता परत मिळते, गेलेली वर्षे परत मिळत नाहीत.

निवड झाल्यानंतरही प्रतीक्षा संपतेच असे नाही. राज्यसेवा परीक्षा २०१९ द्वारे ४१३ उमेदवारांची निवड जून २०२० मध्ये जाहीर झाली. सप्टेंबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मराठा आरक्षणास अंतरिम स्थगिती दिली आणि मे २०२१ मध्ये तो कायदा रद्द ठरविला. या काळात नियुक्त्या रखडल्या आणि निकाल सुधारावा लागला. ज्यांचा आरक्षणाच्या वादाशी थेट संबंध नव्हता, त्यांनाही थांबावे लागले.

न्यायालयांची भूमिका :
शंकरसन दास विरुद्ध भारत संघ (१९९१) या खटल्यात घटनापीठाने असे ठरविले की, निवडयादीत नाव आल्याने नियुक्तीचा अबाधित हक्क निर्माण होत नाही. मात्र पदे न भरण्याचा निर्णय मनमानी असता कामा नये. तेज प्रकाश पाठक विरुद्ध राजस्थान उच्च न्यायालय (२०२४) या निकालात घटनापीठाने या तत्त्वाला दुजोरा दिला. भरती जाहिरातीपासून सुरू होते, म्हणून पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत. अपवाद केवळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तेव्हाचा, आणि तो बदलही मनमानी नसावा, असे या निकालाने स्पष्ट केले. मलिक मझहर सुलतान प्रकरणात (२००७) न्यायिक अधिकाऱ्यांच्या भरतीसाठी न्यायालयाने टप्पेवार वेळापत्रक घालून दिले. असे बंधनकारक वेळापत्रक इतर सेवांनाही असणे अशक्य नाही, हे यावरून दिसते.

दाद मागण्याचे मार्ग :
राज्य शासनाच्या सेवेतील भरतीबाबत महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या छत्रपती संभाजीनगर (औरंगाबाद) येथील खंडपीठाकडे, तर जिल्हा परिषदेच्या भरतीबाबत अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयाच्या तेथील खंडपीठाकडे जाता येते. माहिती अधिकार अधिनियम, २००५ अन्वये रिक्त पदे व बिंदुनामावलीची स्थिती मागविता येते. तथापि, उमरगा किंवा परंडा तालुक्यातील बेरोजगार उमेदवारास वकिलाचा खर्च आणि खंडपीठापर्यंतचे हेलपाटे परवडतातच असे नाही.

समारोप :
विद्यमान कायदा निवडीतील पक्षपातापासून उमेदवाराचे बऱ्याच अंशी संरक्षण करतो. विलंबापासून मात्र फारच थोडे. जाहिरातीपासून नियुक्तीपर्यंत प्रत्येक टप्प्यास वैधानिक मुदत, विलंबाची लेखी कारणे जाहीर करण्याचे बंधन आणि शासनामुळे झालेल्या विलंबाइतकी वयोमर्यादेत आपोआप सवलत, या तीन तरतुदी झाल्यास समान संधीच्या हक्काला खरा अर्थ प्राप्त होईल. वय उलटून गेल्यावर मिळालेली संधी ही समान संधी म्हणता येत नाही.